आधी करार वाच, मग बॅग भर

रात्री साडेअकराला तुझा फोन वाजला तेव्हा माझ्या काळजात धस्स झालं. हॉस्टेलवर काय झालं की काय, असंच वाटलं. तू नुसती धापा टाकत होतीस. "अक्का, मेसेज आलाय. परदेशातला क्लब आहे. सात महिन्यांचा करार, राहायला देणार, तिकीट देणार." पाठोपाठ फोटो आले. इंग्रजीतली दोन पानं आणि खाली सहीसाठी सोडलेली रिकामी रेघ. वर तुझं पालुपद, "परवापर्यंत सही करून पाठव म्हणतायत, नाहीतर दुसरीला घेणार."

मला आनंद झाला गं, खोटं कशाला सांगू. रात्रभर झोप नाही. शाळेच्या मागच्या मुरमाड मैदानावर जाळी नसलेल्या रिंगमध्ये बॉल टाकणारी, बॉल गेला की नाही यावरून पोरांशी भांडणारी तू डोळ्यांसमोर येत होतीस. सकाळी चहाच्या वेळी आईला सांगितलं. ती हसली, देवाला हात जोडले आणि मग तिनं एकच प्रश्न विचारला, "पैसं कोण कुणाला देणार हाय?"

तिच्या त्या प्रश्नापायीच हे लिहायला बसलेय. फोनवर तू "हो गं अक्का, कळतंय गं" म्हणून मोकळी होशील. लिहिलेलं निदान दोनदा वाचशील.

आधी माझी एक गोष्ट ऐक. तुला कधी सांगितली नाही, कारण तेव्हा तू आठवीत होतीस आणि नंतर घरात कुणी तो विषय काढला नाही. मी तेवीस वर्षांची होते. अर्जुननगरच्या देवचंद कॉलेजातून बाहेर पडून दोन वर्षं झाली होती, शिवाजी विद्यापीठाकडून आंतरविद्यापीठ स्पर्धा खेळून झाल्या होत्या, गुडघा अजून शाबूत होता. एका स्पर्धेत स्वतःला एजंट म्हणवणारा एक माणूस भेटला. त्यानं असाच कागद पाठवला. परदेशातली लीग, महिन्याचा पगार डॉलरमध्ये, सगळं काही. फक्त त्याआधी 'नोंदणी आणि व्हिसा' म्हणून ऐंशी हजार भरायचे होते. आप्पा आईच्या पाटल्या गहाण टाकायला निघाले होते.

आई तेव्हा उंबऱ्याशी सूप मांडीवर घेऊन विड्या वळत बसली होती. मान वर न करता म्हणाली, "पानं कारखान्याकडनं येत्यात, तंबाखू तिकडनंच येती. आधी पैसं भर, मग विड्या वळ, असं मला कुणी म्हटलेलं नाही. काम देणारा कधी कामगाराकडनं पैसं घेतोय व्हय?"

पाटल्या हातातच राहिल्या. मी त्या माणसाला क्लबच्या कचेरीचा फोन नंबर मागितला. त्यानं त्यानंतर माझा फोन उचलला नाही.

म्हणून तुला पहिली गोष्ट हीच सांगते. तुझ्या कराराच्या आधी कुणी एक रुपया मागितला, तर तो करार नव्हे. खऱ्या एजंटला दलाली मिळते, पण ती झालेल्या कामावर, साधारण पगाराच्या दहा टक्क्यांच्या आत, आणि पुष्कळ ठिकाणी ती क्लबच देतो. बास्केटबॉलची जागतिक संघटना फिबा एजंटांना परवाना देते आणि परवानाधारकांची यादी फिबाकडे असते. त्या यादीत त्या माणसाचं नाव बघ. नसेल तर तो कितीही गोड बोलू दे.

आता दुसरी गोष्ट, आणि ती जरा कडू आहे.

तू परदेशातलं खेळणं म्हणजे मोठं बक्षीस समजतेयस. बाय, ती मजुरी आहे. चांगल्या प्रतीची, मानाची, हुशारीनं करायची, पण मजुरीच. तुला आठवतं का, लहानपणी आपण आईबरोबर वखारीत विड्या द्यायला जायचो? टेंभुर्णीची पानं रात्री भिजवलेली, पत्र्याच्या मापावर कात्रीनं कापलेली, चिमूटभर तंबाखू घालून वळलेली, तोंड मिटून दोऱ्यानं बांधलेली. पंचवीस-पंचवीसचे कट्टे. तिथं एक माणूस कट्टा हातात घेऊन अंगठ्यानं विड्या चाळायचा आणि पाच-सहा बाजूला फेकायचा. ती छाट. छाटलेल्या विडीची मजुरी नाही, आणि विडीही परत नाही. आई एकदा म्हणाली, "वाकडी हाय तर माझी मला द्या की." त्यानं दुसरा कट्टा उचलला. वर्षानुवर्षं हे चाललं होतं. निपाणीतल्या बायका संघटना करून रस्त्यावर आल्या होत्या, त्यामागं अशी किती छाट होती ते कुणी मोजलेलं नाही.

परदेशातला क्लबही छाट काढतो. दोन सामने वाईट गेले, नवा कोच आला, संघ तळाला गेला, की पहिली नजर परदेशी खेळाडूवर. पुष्कळ लीगच्या नियमानं एका संघात परदेशी जागा मोजक्याच असतात. त्यांच्यावर पैसा जास्त लागलेला असतो, म्हणून अपेक्षाही त्यांच्याकडूनच. घरची मुलगी आठ गुण करून चालते, तुला अठरा करावे लागतील. हे मनात ठेवून जाशील तर टिकशील. सत्काराला निघाल्यासारखी गेलीस, तर डिसेंबरात रडत परत येशील.

आपल्या आधी गेलेल्यांकडे बघ. गीतू ॲना जोसचं नाव तुझ्या कोचनं घेतलं असेलच. केरळातल्या चंगनाशेरीची, उंची सहा फूट दोन इंच, सुरुवातीला व्हॉलीबॉल खेळायची. 2006 ते 2008 ती ऑस्ट्रेलियात मेलबर्नच्या रिंगवुड हॉक्सकडून बिग व्ही लीग खेळली. बिग व्ही म्हणजे तिथल्या व्हिक्टोरिया राज्याची लीग, देशाची सर्वांत वरची नव्हे. भारतातून ऑस्ट्रेलियात अशी खेळायला गेलेली ती पहिली बाई. एकदा नाही, पुन्हा पुन्हा गेली. मग 2011 मध्ये अमेरिकेत शिकागो स्काय, लॉस एंजेलिस स्पार्क्स आणि सॅन अँटोनियो सिल्व्हर स्टार्स अशा डब्ल्यूएनबीएच्या, म्हणजे तिथल्या बायकांच्या लीगच्या, तीन संघांपुढं तिनं चाचणी दिली. तिन्हीकडं निवड झाली नाही.

तू म्हणशील, मग हरलीच की. तसं नाही. ती परत आली, भारताची जर्सी घातली, 2013 च्या आशियाई स्पर्धेत भारताच्या मुली पाचव्या आल्या त्यात ती होती, आणि 2014 मध्ये तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. तिच्या पायाखाली एक भक्कम पाटा होता, तो म्हणजे दक्षिण रेल्वेची नोकरी. ऑस्ट्रेलिया संपला, अमेरिकेनं नाही म्हटलं, तरी चेन्नईत तिची जागा होती, संघ होता, पगार होता. त्या पाट्यावर उभी राहून ती तीन वेळा नकार ऐकू शकली. काही वर्षांनी केरळचीच पी. एस. जीना त्याच रिंगवुडकडं खेळायला गेली. पहिली नीट वागली, नीट खेळली, म्हणजे दुसरीला दार अर्धं उघडं सापडतं. तू जिथं जाशील तिथं तुझ्यामागून बेळगावची, हुबळीची, कोल्हापूरची कुणीतरी येणार आहे, हे ध्यानात असू दे.

सतनामसिंगचंही सांगते. पंजाबातल्या बल्लो के गावचा, सात फुटांच्या वर उंची. चौदाव्या-पंधराव्या वर्षी अमेरिकेत फ्लोरिडाच्या अकादमीत गेला. 2015 च्या एनबीए ड्राफ्टमध्ये डॅलस मॅव्हरिक्सनं त्याला 52 व्या क्रमांकावर निवडलं. एनबीएत निवडला गेलेला भारतात जन्मलेला तो पहिला. सगळ्या देशात पेढे वाटल्यागत झालं. पुढं काय झालं, ते कमी लोकांना माहीत असतं. मुख्य संघात एकही सामना मिळाला नाही, खालच्या लीगमध्ये टेक्सास लेजेंड्सकडून दोन हंगाम गेले, मग कॅनडात सेंट जॉन्स एजकडून खेळला. परत भारतात आला आणि 2019 मध्ये डोपिंग चाचणीत अडकला. दोन वर्षांची बंदी. पुढं तो अमेरिकेतच व्यावसायिक कुस्तीच्या रिंगणात उतरला.

मी त्याला नावं ठेवत नाही. इतक्या लहान वयात इतकं ओझं कुणालाही जड जावं. पण त्याच्याकडून एक शिक. जिममध्ये कुणी डब्यातली पावडर दिली, मैत्रिणीनं सर्दीची गोळी दिली, आयुर्वेदिक म्हणून कुणी चूर्ण दिलं, तर संघाच्या डॉक्टरला दाखवल्याशिवाय तोंडात टाकू नको. बंदीच्या कागदावर "मला माहीत नव्हतं" याला फार किंमत नसते. शरीरात काय गेलं याची जबाबदारी खेळाडूची, हा नियम सगळ्या देशांत एकच आहे.

आता तू म्हणशील, अक्का सगळं काळंच दाखवतेय. बरं, आपल्या शेजारची गोष्ट घे. खेळ वेगळा आहे, क्रिकेट, पण रस्ता तोच. सांगलीच्या माधवनगरात वाढलेली स्मृती मानधना. निपाणीहून सांगली किती लांब? दोन तास, फार तर. 2016 मध्ये ती ऑस्ट्रेलियाच्या बिग बॅश लीगमध्ये ब्रिस्बेन हीटकडून खेळायला गेली. तिकडं करार करणाऱ्या पहिल्या दोन भारतीय मुलींत ती एक, दुसरी हरमनप्रीत कौर. आणि तिथंच, जानेवारी 2017 मध्ये, तिच्या गुडघ्याचा लिगामेंट फाटला. एसीएल. हा शब्द माझ्या कानाला कसा लागतो, ते तुला माहीत आहे.

पाच महिने ती मैदानाबाहेर होती. जूनमध्ये इंग्लंडला विश्वचषकात उतरली तेव्हा तिच्याबद्दल खात्री कुणालाच नव्हती. पहिल्याच सामन्यात इंग्लंडविरुद्ध 90, पुढच्यात वेस्ट इंडिजविरुद्ध नाबाद 106. त्यानंतर इंग्लंडमध्ये वेस्टर्न स्टॉर्म, ऑस्ट्रेलियात होबार्ट हरिकेन्स, परत इंग्लंडमध्ये सदर्न ब्रेव्ह, पुढं ऑस्ट्रेलियात सिडनी थंडर. देश बदलत गेले, जर्सी बदलत गेल्या. 2023 मध्ये महिला प्रीमियर लीगच्या लिलावात तिच्यावर 3 कोटी 40 लाखांची बोली लागली, आणि पुढच्या वर्षी तिनं बंगळुरूला कप मिळवून दिला. लोकांना तो लिलाव आठवतो. मला मात्र 2017 चे ते पाच महिने आठवतात. माझा गुडघा गेला तेव्हा मला कुणी सांगितलं नव्हतं की परत येता येतं. फिजिओ कशाशी खातात हेच ठाऊक नव्हतं. हळद-तूप लावून मी सहा महिने लंगडत होते.

म्हणून ऐक. बास्केटबॉलमध्ये मुलींचे एसीएल मुलांपेक्षा कितीतरी जास्त फाटतात, आणि बऱ्याचदा कुणाचा धक्का न लागता, उडी मारून खाली येताना, अचानक थांबताना किंवा वळताना. रीबाउंड घेऊन उतरताना दोन्ही पायांवर, गुडघे वाकवून, आत न झुकवता उतर. रोज सरावाआधी दहा मिनिटं उतरण्याचाच सराव कर. मैत्रिणी हसतील, हसू देत. आणि करारात दुखापतीचं कलम शोध. खेळताना दुखापत झाली तर ऑपरेशनचा खर्च कोण करणार, पगार किती दिवस चालू राहणार, उपचाराला भारतात यायचं झालं तर तिकीट कुणाचं. तू पाठवलेल्या दोन पानांत मला हे कुठंच दिसलं नाही.

आता त्या कागदाकडंच येऊ. मी आपल्या गल्लीतल्या वकिलीण वहिनींना दाखवला. त्यांना खेळातलं काही कळत नाही, पण कागद कळतो. आम्ही दोघींनी बसून जे प्रश्न काढले, ते तू त्या माणसाला लेखी पाठव. फोनवर नाही.

पगार महिन्याच्या कितव्या तारखेला येणार, कोणत्या चलनात, आणि कर कापून हातात येणारा आकडा किती? कागदावर मोठा दिसणारा पगार करात नि घरभाड्यात निम्मा होऊ शकतो. राहायला खोली एकटीला की चौघींत? जाण्याचं तिकीट आहे, मग येण्याचं कुठं आहे? क्लबला मध्येच करार मोडायचा झाला तर किती दिवसांची नोटीस, आणि उरलेल्या पगाराचं काय? आणि हे बघ, हे सगळ्यात महत्त्वाचं. भांडण झालं तर निवाडा कोण करणार? बास्केटबॉलसाठी फिबानं जिनिव्हात लवाद चालवलाय, 2007 पासून. पगार बुडवलेल्या क्लबांविरुद्ध खेळाडू तिथं जातात आणि पैसे वसूल होतात. पण करारात त्या लवादाचं कलम लिहिलेलं असेल तरच. नसेल तर तू त्या देशाच्या कोर्टात, त्यांच्या भाषेत, त्यांच्या वकिलाचे पैसे भरून भांडत बसायचं. एका ओळीचं कलम असतं. ती ओळ घालून घे.

अजून एक. एका देशातून दुसऱ्या देशाच्या क्लबला जाताना भारतीय बास्केटबॉल महासंघाकडून सोडचिठ्ठी लागते, लेटर ऑफ क्लिअरन्स म्हणतात. ती नसेल तर विमानतळावर उतरलीस तरी कोर्टवर उतरता येणार नाही. खरा क्लब ती स्वतःहून मागतो. तुझ्या कागदवाल्यानं तिचं नावही काढलेलं नाही. मला तिथंच शंका आली.

आणि पासपोर्ट. "व्हिसाच्या कामाला लागेल, ठेवा आमच्याकडे" असं कुणी म्हटलं तर त्याच दिवशी परत माग. पासपोर्ट उशाखाली, फोटो मोबाइलमध्ये, एक प्रत माझ्याकडे. तिथल्या भारतीय दूतावासाचा नंबर घरून निघायच्या आधी पाठ असला पाहिजे. परराष्ट्र खात्याचं 'मदद' नावाचं पोर्टल आहे, अडचणीतल्या माणसांच्या तक्रारी तिथं नोंदवता येतात. लागू नये, पण माहीत असावं.

मोठमोठ्या खेळाडूही यातून सुटलेल्या नाहीत, हेही सांगते. अमेरिकेतल्या बायकांची लीग उन्हाळ्यात असते, म्हणून हिवाळ्यात त्या रशिया, तुर्कस्तान, चीन असं खेळत फिरायच्या, कारण पैसा तिकडं जास्त. डायना टॉरासीनं तर 2015 चा घरचा हंगाम सोडून दिला, कारण रशियातल्या तिच्या क्लबनं विश्रांती घेण्यासाठी तिला घरच्या पगाराहून जास्त पैसे दिले. आणि त्याच क्लबकडं निघालेल्या ब्रिटनी ग्राइनरला फेब्रुवारी 2022 मध्ये मॉस्कोच्या विमानतळावर बॅगेत गांजाच्या तेलाच्या नळ्या सापडल्या म्हणून अटक झाली. नऊ वर्षांची शिक्षा झाली. डिसेंबरमध्ये कैद्यांची अदलाबदल झाली तेव्हा कुठं ती सुटली. तिच्यामागं अमेरिकेचं सरकार उभं होतं. तुझ्यामागं कोण उभं राहणार? आप्पा आणि मी, एवढंच. तेव्हा ज्या देशात उतरशील तिथला कायदा आधी वाच. अगदी साधं उदाहरण देते. ऑस्ट्रेलियात जायचं झालं आणि आईनं शेंगाचटणी नि कडक भाकरी बांधून दिली, तर ती विमानातल्या कार्डावर लिही. लपवून नेलीस आणि सापडली तर दंड. लिहिलीस तर बघतील, चालत असेल ते देतील, नसेल ते काढून घेतील. चटणी गेली तर गेली.

आता थोडं मनातलं.

तू मला मागं विचारलं होतंस, "अक्का, माझ्या जर्सीवर कर्नाटक लिहिलेलं असतं, घरात आपण मराठी बोलतो, मैत्रिणी चिडवतात, मी नक्की कुणाची?" तेव्हा मी टाळलं. आज उत्तर देते. मी कॉलेजला जायचे तेव्हा घर निपाणीत, म्हणजे कर्नाटकात, आणि कॉलेज अर्जुननगरात, म्हणजे महाराष्ट्रात. रोज पायी सीमा ओलांडायचे, कुणी शिक्का मारला नाही. बेळगावच्या बसवर पाटी कन्नड, कंडक्टर मराठीत विचारतो, वर्गात इंग्रजी, टीव्हीवर हिंदी. या सीमाप्रश्नावर आपल्या भागात पिढ्या झिजल्या, मोर्चे निघाले, माणसं गेली. त्याचं दुःख आपल्या घरालाही आहे. पण कोर्टवर उतरलीस की ती चार भाषांची सवय तुझी ताकद आहे. बंगळुरूच्या शिबिरात कोच कन्नडमध्ये ओरडतात, तुला कळतं. पुण्याच्या मुली मराठीत एकमेकींना इशारा देतात, तेही कळतं. उद्या जपानी नाहीतर स्पॅनिश कोचच्या हातवाऱ्यांतून तू निम्मं समजून घेशील, कारण तू जन्मापासून असंच समजून घेत आलीयस. एका भाषेत वाढलेल्या पोरीला हे शिकायला दोन वर्षं लागतात. आणि 2017 मध्ये बंगळुरूला आपल्या मुलींनी आशियाई स्पर्धेच्या ब गटाची फायनल कझाकस्तानविरुद्ध 75-73 अशी जिंकली, तेव्हा त्या संघात पुण्याची शिरीन लिमये होती, केरळची जीना होती. घरी कोण कोणती भाषा बोलतं, हे दोन गुणांच्या त्या फरकात कुणी विचारलं नसेल.

एकटेपणाचं सांगू? पहिला महिना उत्साहात जातो. दुसऱ्या महिन्यात पाळी आली, बाहेर थंडी, संघातल्या मुली आपापल्या घरी, आणि खोलीत तू एकटी, तेव्हा तुला आईच्या हातचा आमटीभात आठवेल आणि रडू फुटेल. रड. त्यात काही कमीपणा नाही. पण त्या रात्री घरी फोन करून "मी परत येते" म्हणू नकोस. दुसऱ्या दिवशी सरावानंतर कर. तेव्हाही तेच वाटलं तर आपण बोलू. कोच, मॅनेजर, संघमालक यांपैकी कुणी एकटीला जेवायला बोलावलं, अंगाला हात लावला, 'आमच्याकडं असंच असतं' म्हटलं, तर ते तिथंही चुकीचंच आहे. तारीख, वेळ, शब्द लिहून ठेव आणि मला कळव. मी ओरडणार नाही. तुला कधीच म्हणणार नाही की तू का गेलीस.

लग्नाचं बोलणारे बोलतील. पाच फूट अकरा उंचीची पोरगी, त्यात परदेशात खेळायला गेलेली. मावशी कालच म्हणाली, "आधीच स्थळ मिळत न्हाई, आता तर काय." मी तिला चहा दिला आणि विषय बदलला. तूही तसंच कर. लग्नाला वेळ आहे. खेळाला नाही. बास्केटबॉलमध्ये मुलीला जोमाची आठ-दहा वर्षं मिळतात, त्यातली चार तुझी गेली.

शेवटी पाट्याचं. गीतूला रेल्वे होती. तुझं काय? बी.कॉम.चं शेवटचं वर्ष उरलंय, ते आधी पूर्ण कर. नैर्ऋत्य रेल्वेचं मुख्यालय आपल्या हुबळीत आहे, खेळाडू कोट्याची जाहिरात निघाली की अर्ज भर. नोकरी लागली तर ना हरकत दाखला आणि रजा घेऊन परदेशी हंगाम खेळता येतो का, ते आधी विचार. अमेरिकेतल्या कॉलेजांचा रस्ताही आहे. बंगळुरूची संजना रमेश शिष्यवृत्तीवर नॉर्दर्न ॲरिझोना विद्यापीठात शिकली आणि खेळली. तिथं पगार नाही, पण पदवी आहे, आणि पदवीची कुणी छाट काढत नाही. सात महिन्यांच्या करारानंतर वर्षाचे पाच महिने उरतात. ते कशावर काढायचे, याचं उत्तर नसेल तर करार कितीही चांगला असू दे, तो अपुराच.

मला तुला अडवायचं नाही. गेलीस तर तवंदी घाट ओलांडून मी स्वतः तुला विमानतळापर्यंत सोडायला येईन आणि बॅगेत चटणी कोंबेन. पण सही करायच्या आधी वरचे प्रश्न लेखी पाठव आणि आठवडाभर थांब. खरा क्लब आठवडाभर थांबतो. जो थांबत नाही, त्याला तू नको असतेस, तुझी सही हवी असते.

आईनं निरोप दिलाय तो जसाच्या तसा लिहिते, "तिला म्हणावं, कट्टा मोजून द्यायचा आणि पैसं मोजून घ्यायचं. मधी कुणाच्या तोंडाकडं बघायचं न्हाई."

उत्तर आलं की फोन कर. रात्रीचे कितीही वाजू देत.

तुझी,
अक्का